सनी रॉलिन्स : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जॅझबद्दल कुठेही चार शब्द लिहिले-बोलले, की मागाहून येणाऱ्या प्रश्नांत सनी रॉलिन्स असतोच. त्यातही पुलाचा प्रश्न, म्हणजे तो खरंच पुलावर जाऊन रियाझ करायचा का, हा हमखास. तेच उत्तर दर वेळी नव्याने टाइप करण्यापेक्षा एकदाच नीट लिहून ठेवलेलं बरं. प्रश्न वाचकांच्याच शब्दांत ठेवले आहेत, शुद्धलेखन तेवढं सुधारलं आहे. घाई असेल तर थेट प्रश्न १० वर जा. बहुतेक जण तिथेच जातात.

१. सनी रॉलिन्स कोण, हे थोडक्यात सांगाल का?

अमेरिकन जॅझमधला टेनर सॅक्सोफोनवादक. जन्म ७ सप्टेंबर १९३०, न्यूयॉर्क. कागदोपत्री नाव थिओडोर वॉल्टर रॉलिन्स. आईवडील कॅरिबियन समुद्रातल्या व्हर्जिन बेटांवरून आलेले, आणि पोरगा वाढला हार्लेममध्ये. १९४९ मध्ये पहिली ध्वनिमुद्रणं, १९५६ ते १९५८ या तीन वर्षांत एकामागून एक अव्वल तबकड्या, शेवटची मैफल २०१२ मध्ये. म्हणजे साठ वर्षांहून जास्त काळ, पण मध्ये दोनदा स्वतःहून थांबलेला. सगळी गंमत त्या थांबण्यात आहे.

२. टेनर सॅक्सोफोन म्हणजे आपल्या जुन्या हिंदी गाण्यांत वाजतो तोच का?

कुटुंब तेच. अडॉल्फ सॅक्स नावाच्या बेल्जियन कारागिराने हे वाद्य बनवलं आणि १८४६ मध्ये पॅरिसला त्याचं पेटंट घेतलं. अंग पितळेचं असलं तरी आवाज निघतो तो वेताच्या पातळ पट्टीतून, त्यामुळे पाश्चात्त्य वर्गवारीत ते क्लॅरिनेटच्या पंगतीला बसतं, ट्रम्पेटच्या नाही. सोप्रानो, आल्टो, टेनर, बॅरिटोन हे त्यातले नेहमीचे चार भाऊ. आल्टोपेक्षा टेनर मोठा आणि खर्जाकडे झुकणारा.

राहुलदेव बर्मन यांच्याकडे वाजवणारे मनोहारी सिंग यांचा सॅक्सोफोन आपल्या कानांत पक्का बसलेला आहे. त्यांचं काम वेगळं होतं. गाण्यात ठरलेली सुरावट ठरलेल्या जागी चोख लावायची. रॉलिन्सच्या बाबतीत ठरलेलं असतं ते फक्त पहिलं मिनिटभर.

३. एवढ्या मोठ्या कलावंताला तुम्ही ‘तो’ म्हणता?

हा प्रश्न दोन आजोबांकडून आला आणि रास्त आहे. पण गावसकर खेळला, सचिन खेळला असंच आपण म्हणतो, आणि त्यात अनादर नसतो. त्याच हक्काने.

४. त्याचा गुरू कोण? जॅझमध्ये घराणी असतात का?

गंडा बांधायची पद्धत तिथे नाही, पण मोहल्ला हेच घराणं म्हणा. टेनरचा त्या काळातला बादशहा कोलमन हॉकिन्स हार्लेममध्येच राहायचा. त्याची सही मिळावी म्हणून पोरसवदा रॉलिन्स त्याच्या दारात ताटकळत बसला होता. सुरुवात झाली ती गायक-सॅक्सोफोनवादक लुई जॉर्डनच्या नादाने घेतलेल्या आल्टोवर. हॉकिन्सपायी तो १९४६ च्या सुमारास टेनरकडे वळला. जॅकी मॅक्लीन, केनी ड्रू, आर्ट टेलर ही पुढे नावारूपाला आलेली मंडळी त्याच आळीतली दोस्त. पियानोवादक थेलोनियस मंकच्या घरी चालणाऱ्या तालमींना तो शाळकरी वयातच जायला लागला. मंककडून त्याने सूर किती उचलले हे सांगणं कठीण आहे, पण तिरकं चालायचं धाडस नक्की उचललं. आणि सगळ्यांवर सावली आल्टोचा बादशहा चार्ली पार्कर याची. तिच्याबद्दल पुढच्या उत्तरात.

५. तो तुरुंगात गेला होता, हे खरं का?

खरं आहे. १९५० मध्ये सशस्त्र लुटीच्या प्रकरणात अटक होऊन त्याने रायकर्स बेटावरच्या तुरुंगात दहा महिने काढले. १९५२ मध्ये हेरॉइनमुळे सुटकेच्या अटी मोडल्या आणि पुन्हा अटक झाली. त्या पिढीतल्या कितीतरी पोरांनी हेरॉइन घेतलं ते पार्कर घेतो म्हणून, आणि पार्करला याचाच सल होता.

१९५३ च्या जानेवारीत ट्रम्पेटवादक माइल्स डेव्हिसच्या एका ध्वनिमुद्रणात पार्कर आणि रॉलिन्स दोघेही टेनरवर होते. (पार्करचा करार दुसऱ्या कंपनीशी असल्यामुळे तबकडीवर त्याचं नाव ‘चार्ली चॅन’.) पार्करने विचारलं, आता ठीक आहेस ना? रॉलिन्सने हो म्हणून ठोकून दिलं. त्याच दिवशी ते खोटं उघडं पडलं. पार्करचा तेव्हाचा चेहरा रॉलिन्स पुढे आयुष्यभर सांगत राहिला. १९५५ मध्ये तो केंटकीतल्या लेक्झिंग्टनच्या सरकारी रुग्णालयात स्वतःहून दाखल झाला, तेव्हा प्रायोगिक असलेला मेथाडोनचा उपचार घेतला आणि सुटला. बरा झालो हे पार्करला सांगायचं मात्र राहूनच गेलं. पार्कर १२ मार्च १९५५ रोजी, चौतीसाव्या वर्षी गेला होता.

त्यानंतर रॉलिन्स लगेच न्यूयॉर्कला परतला नाही. शिकागोत पडेल ती मजुरी करत राहिला, क्लबांच्या वाऱ्याला न फिरकता. पुढच्या थांबण्यांची ही रंगीत तालीम. पुलाची गोष्ट इथेच सुरू होते असं माझं मत आहे.

६. सगळे १९५६ चंच नाव का घेतात?

कारण त्या एका वर्षात सगळं घडलं. तो तेव्हा मॅक्स रोच आणि क्लिफर्ड ब्राउन यांच्या पंचकात होता. ब्राउन ट्रम्पेट वाजवायचा, वय पंचवीस, ना दारू ना नशा. व्यसनांशिवायही असं वाजवता येतं, याचा जिवंत पुरावा रॉलिन्सच्या शेजारी रोज उभा असायचा. २२ जूनला न्यू जर्सीतल्या हॅकन्सॅक इथे रूडी व्हॅन गेल्डरच्या स्टुडिओत ‘सॅक्सोफोन कोलोसस’ मुद्रित झालं. टॉमी फ्लॅनगन पियानोवर, डग वॉटकिन्स बासवर, मॅक्स रोच ड्रम्सवर. पाच रचना (पुढच्या प्रश्नांतल्या ‘सेंट थॉमस’ आणि ‘ब्लू सेव्हन’ त्यातल्याच), एक दिवस. चारच दिवसांनी, २६ जूनला, पेनसिल्व्हेनियात रस्त्यावरच्या अपघातात ब्राउन गेला. सोबत पंचकाचा पियानोवादक रिची पॉवेल आणि त्याची पत्नीही. तबकडी ऐकताना या तारखा डोक्यात असल्या, तर तिच्यातला आनंद ऐकवत नाही.

७. ‘सेंट थॉमस’मधली ती नाचरी धून कुठून आली?

आईकडून. पारंपरिक बेटधून आहे, लहानपणी घरात ऐकलेली. सेंट थॉमस हे व्हर्जिन बेटांपैकी एक. शैली कॅलिप्सोची, जिचं माहेर त्रिनिदाद. कॅलिप्सो म्हणजे काय हे मराठी माणसाला समजावणं सोपं आहे: १९७१ मध्ये गावसकरने वेस्ट इंडीजमध्ये ७७४ धावा कुटल्यावर लॉर्ड रिलेटरने त्याच्यावर जे गाणं रचलं, ते कॅलिप्सोच. ताजी बातमी, थट्टा आणि पायाला ठेका. रॉलिन्सने त्यातली थट्टा आणि ठेका जॅझमध्ये आणला आणि शेवटपर्यंत सोडला नाही. त्याच्या मैफिली बहुधा अशाच एखाद्या कॅलिप्सोवर रंगायच्या.

८. ‘ब्लू सेव्हन’ ऐकलं. फार काही घडत नाही असं वाटलं. समीक्षक का नावाजतात?

त्यात एक छोटा, जरासा वाकडा तुकडा आहे. तो धरून ठेवा. अकरा मिनिटं रॉलिन्स तोच तुकडा उलटासुलटा करतो, मोडतो, त्यातले दोनच सूर घेतो, भलत्याच मात्रेवर ठेवतो. गुंथर शुलर या संगीतकार-अभ्यासकाने १९५८ मध्ये यावर सविस्तर लेख लिहिला. त्याचा मुद्दा असा की, इतर जण रचनेच्या स्वरसंगतीवरून (कॉर्ड्सवरून) नव्या नव्या ओळी सोडतात, हा माणूस मूळ तुकड्यातूनच सगळी इमारत उभी करतो.

ख्याल ऐकणाऱ्याला हे अवघड जाऊ नये. मुखडा धरून बढत करणं, बोल लयीशी खेळवणं, हे आपण ऐकत आलो आहोत. (मला तो आग्रा घराण्याच्या जवळचा वाटतो. कुणी भांडायला येणार असेल तर यावं.) फरक इतकाच की आपलं आवर्तन तालाचं असतं, इथे बारा किंवा बत्तीस मात्राखंडांचं (बारचं) आवर्तन फिरतं आणि त्याबरोबर खालची स्वरसंगतीही ठरलेल्या जागी बदलत राहते. त्या बदलत्या जमिनीवर पाय ठेवून खेळायचं.

शुलरच्या लेखाचा उलटा परिणामही झाला. आपण काय करतो हे वाचल्यावर वाजवताना अवघडायला झालं, असं रॉलिन्सने सांगितलं आहे.

९. त्याच्या काही तबकड्यांत पियानोच नाही. वादक आला नव्हता की काय?

मुद्दामच. पियानो खालून स्वरसंगती देत राहतो म्हणजे रस्ताही दाखवत राहतो. रॉलिन्सला मोकळं मैदान हवं होतं. ७ मार्च १९५७ रोजी लॉस एंजेलिसमध्ये ‘वे आउट वेस्ट’ झालं, बासवर रे ब्राउन, ड्रम्सवर शेली मॅन, बस्स. तिघांनाही दुसरी कामं असल्यामुळे ध्वनिमुद्रण पहाटे तीनला सुरू झालं. हार्लेमचा पोरगा पश्चिमेला आला म्हणून गुराख्यांची गाणी वाजवली आणि मुखपृष्ठावर काउबॉय टोपी, कमरेला पट्टा, हातात सॅक्सोफोन. विनोद वाटतो, पण वाजवणं अजिबात विनोदी नाही. त्याच वर्षी ३ नोव्हेंबरला न्यूयॉर्कच्या व्हिलेज व्हॅनगार्ड क्लबमध्ये झालेल्या मुद्रणातही पियानो नाही. त्याबद्दलचा गोंधळ प्रश्न १८ मध्ये.

१०. तो खरंच पुलावर जाऊन रियाझ करायचा? की नंतर रचलेली दंतकथा?

खरंच करायचा. १९५९ च्या उन्हाळ्यापासून १९६१ च्या शरदापर्यंत.

झालं असं की १९५९ पर्यंत त्याचं नाव शिगेला पोचलं होतं, आणि त्यालाच ते पटत नव्हतं. लोक एवढी स्तुती करतात तेवढं आपण वाजवत नाही, ही टोचणी. कार्यक्रम घेणं त्याने बंद केलं. राहायचा मॅनहॅटनच्या लोअर ईस्ट साइडला, ग्रँड स्ट्रीटवर. घरात टेनर वाजवावा तर शेजारीण गरोदर. तिला त्रास नको. जवळच ईस्ट नदीवर विल्यम्सबर्ग पूल, १९०३ मध्ये खुला झालेला. एकदा सहज चढून गेला तर वरती पादचाऱ्यांची लांबलचक वाट, माणसं तुरळक. शेजारून धडधडत आगगाडी, खाली मोटारी, त्याखाली बोटींचे भोंगे. या कल्लोळात कितीही मोठ्याने वाजवा, कुणाची झोप मोडत नाही. कधी कधी दिवसाचे पंधरा-सोळा तास. थंडीतसुद्धा. जाणारे-येणारे न्यूयॉर्ककर बघून न बघितल्यासारखं करत. कधी स्टीव्ह लेसीसारखा एखादा सॅक्सोफोनवाला सोबतीला यायचा. १९६१ मध्ये एका पत्रकाराने त्याच्यावर मासिकात लिहिलं आणि गुपित फुटलं.

आपल्याकडे चिल्ला धरणं म्हणतात, तेच हे. चाळीस दिवसांऐवजी दोन वर्षं, आणि बंद खोलीऐवजी उघडा पूल. तेवढ्या काळात व्यायाम, योग, सिगारेट सोडणं हेही चाललं होतं. घर चालत होतं ते ल्युसिलच्या नोकरीवर. ही ल्युसिल पिअर्सन. १९६५ मध्ये त्यांचं लग्न झालं, आणि पुढे त्याचे कार्यक्रम, करार, तबकड्या सगळं तीच बघायची. २००४ मध्ये ती गेली. पुलाच्या गोष्टीत तिचं नाव लोक गाळतात म्हणून इथे ठळकपणे.

पुलाला त्याचं नाव द्यावं यासाठी न्यूयॉर्कमध्ये मोहीमही झाली.

११. कोल्ट्रेन आणि ऑर्नेट कोलमन पुढे गेले म्हणून तो घाबरून पुलावर पळाला, असं वाचलं.

वाचलं असेल, पण तारखा जुळत नाहीत. आल्टोवादक ऑर्नेट कोलमनने चाकोरी मोडणाऱ्या वाजवण्याने न्यूयॉर्क हादरवलं ते नोव्हेंबर १९५९ मध्ये. रॉलिन्स त्याच्या आधीच पुलावर होता. टेनरवादक जॉन कोल्ट्रेनची ‘जायंट स्टेप्स’ ही तबकडी बाजारात आली १९६० मध्ये. शिवाय कोल्ट्रेन दोस्त. त्याने १९५९ मध्ये ‘लाइक सनी’ नावाची रचनाच केली. स्पर्धा होती, नाही कशाला म्हणा. पण पळ काढलेला माणूस दिवसाला सोळा तास वाजवत नाही.

१२. मग पुलावरून उतरल्यावर काय वेगळं वाजवलं?

इथे बऱ्याच समीक्षकांची निराशा झाली. १९६२ मध्ये ‘द ब्रिज’ आलं, जिम हॉल गिटारवर, बॉब क्रॅनशॉ बासवर. क्रांतीची वाट बघणाऱ्यांना जुनाच रॉलिन्स भेटला, फक्त जास्त निगुतीचा. मला तेच आवडतं. सुराची गोलाई बघा, थांबण्याच्या जागा बघा. क्रांती त्याने लगेच पुढच्या बैठकांत केलीही, ट्रम्पेटवादक डॉन चेरीला घेऊन, आणि १९६३ मध्ये आपल्या लहानपणीच्या दैवताला, कोलमन हॉकिन्सला, शेजारी बसवून त्याच्यासमोर इतकं वेडंवाकडं वाजवलं की ऐकताना संकोच वाटतो. मुलगा बापासमोर मुद्दाम शीळ घालतो ना, तसं.

१३. तो पवईला राहिला होता म्हणे?

हो. साठच्या दशकाच्या अखेरीस तो मुंबईला आला आणि काही महिने पवईला स्वामी चिन्मयानंदांच्या आश्रमात राहिला. सोबत सॅक्सोफोन होताच. योग, वेदान्त, ध्यान शिकायचं होतं. ध्यान काही जमेना. डोळे मिटून बसलं की मन भलतीकडे. तेव्हा त्याला समजावण्यात आलं ते असं की तुझं वाजवणं हेच तुझं ध्यान. कर्मयोग म्हणतात तो हाच. ही गोष्ट तो मुलाखतींतून अनेकदा सांगत आला. त्याच सुमारास, १९६९ ते १९७१, त्याने दुसऱ्यांदा जाहीर वाजवणं थांबवलं.

तेव्हाचं पवई म्हणजे तलाव, झाडी, आयआयटी आणि शांतता. आज तिथल्या रहदारीत टेनर वाजवला तरी कुणाला ऐकू जाणार नाही. पुलासारखंच.

१४. म्हणजे त्याच्या वाजवण्यात राग सापडतील?

नाही, शोधू नका. तो रस्ता कोल्ट्रेनचा. त्याने ‘इंडिया’ नावाची रचना केली, मुलाचं नाव रविशंकरांवरून रवी ठेवलं. रॉलिन्सने इथून योग नेला, रागसंगीत नाही. त्याची खूण एका रचनेच्या नावात आहे: ‘पतंजली’.

१५. मुंबईत त्याची मैफल झाली होती का?

झाली. निरंजन झवेरी यांच्या पुढाकाराने १९७८ मध्ये सुरू झालेल्या जॅझ यात्रा या महोत्सवाच्या पहिल्याच वर्षी तो वाजवून गेला. धोबी तलावाचं खुलं रंगभवन त्या पिढीच्या आठवणीत अजून आहे. ते पुढे शांतता क्षेत्राच्या नियमांत बंद पडलं, आणि त्याबद्दल अजून हळहळणारी माणसं प्रत्येक रेकॉर्डवाल्याकडे भेटतात.

१६. रोलिंग स्टोन्सच्या गाण्यात तोच आहे का? तबकडीवर नाव दिसत नाही.

तोच. या ब्रिटिश रॉक बँडच्या १९८१ च्या ‘टॅटू यू’ या तबकडीतल्या तीन गाण्यांत. मूळ वेष्टनावर नाव छापलं नव्हतं. पुढे एकदा सुपरमार्केटात सामान घेताना त्यातलं एक गाणं लागलं. हा कोण बरं वाजवतोय, असं वाटलं, आणि मग लक्षात आलं की अरे, हा तर मीच. किस्सा त्याचाच.

१७. १९७२ नंतरच्या तबकड्या फिक्या का वाटतात?

काही फिक्या आहेतच. त्या काळचं इलेक्ट्रिक बास, गुळगुळीत साथ, आणि स्टुडिओच्या लाल दिव्यापुढे आखडणारा रॉलिन्स. स्वतःचं मुद्रण ऐकणं त्याला शिक्षा वाटायची. रंगमंचावर मात्र गोष्टच वेगळी: तासाभराचा एकेक विस्तार, साथीदारांना थांबवून एकट्याने घेतलेल्या लांबच लांब फेऱ्या. १९८६ मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्या सॉगर्टीझ इथे चित्रीकरण चालू असताना त्याने दगडी मंचावरून खाली उडी मारली, टाचेचं हाड मोडलं, आणि तो पाठीवर पडल्या पडल्या वाजवत राहिला. म्हणून या काळासाठी थेट मैफलींचे ‘रोड शोज’चे चार खंड ऐका, २००८ पासून आलेले.

१८. ‘अ नाइट अॅट द व्हिलेज व्हॅनगार्ड’ आहे, पण त्यात दुपारचं मुद्रणही दिसतं. आणि माझ्याकडची ‘शॅडो वॉल्ट्झ’ म्हणजे ‘फ्रीडम सूट’च का?

दोन्हींचं उत्तर हो. ३ नोव्हेंबर १९५७ ला दुपारी आणि रात्री अशा दोन बैठकी मुद्रित झाल्या. बास आणि ड्रम्सवर रात्री विल्बर वेअर आणि एल्विन जोन्स, दुपारी डोनाल्ड बेली आणि पीट ला रोका. नाव रात्रीचं पडलं.

‘फ्रीडम सूट’ १९५८ चं. एकोणीस मिनिटांहून मोठी रचना, आणि वेष्टनावर रॉलिन्सचं छोटं निवेदन: अमेरिकेची संस्कृती ज्यांच्यावर उभी आहे त्या कृष्णवर्णीयांनाच ती माणुसकीने वागवत नाही. नावाजलेला वादक असूनही कातडीमुळे भाड्याने जागा मिळणं कठीण, हा तेव्हाचा स्वतःचा अनुभव. तबकडी पुढे नाव बदलून, निवेदन गाळून, ‘शॅडो वॉल्ट्झ’ म्हणून काढण्यात आली. तुमच्याकडची तीच असणार. वेष्टन जपून ठेवा. काय गाळलं हे त्यावरून कळतं.

१९. ११ सप्टेंबर २००१ ला तो तिथे होता का?

जागतिक व्यापार केंद्रापासून सहा चौक अंतरावरच त्याचं घर होतं. इमारत रिकामी करावी लागली तेव्हा हातात फक्त सॅक्सोफोन. चारच दिवसांनी बोस्टनला कार्यक्रम होता. त्याला जायचं नव्हतं, ल्युसिलने तयार केलं. १५ सप्टेंबरची ती मैफल पुढे तबकडी म्हणून आली आणि तिच्यातल्या एका विस्ताराला २००६ मध्ये ग्रॅमी मिळालं.

२०. वाजवणं का थांबवलं?

फुप्फुसांच्या फायब्रोसिसमुळे. शेवटचा कार्यक्रम २०१२ मध्ये, निवृत्ती २०१४ मध्ये. तिसऱ्यांदा थांबला, या वेळी मनाविरुद्ध. त्याचे कागद आणि रियाझाच्या टिपणांच्या वह्या २०१७ मध्ये हार्लेमच्याच शोंबर्ग संशोधन केंद्राकडे गेल्या, जिथे तो वाढला तिथून चालत जाण्याच्या अंतरावर.

२१. ‘टेनर मॅडनेस’मध्ये रॉलिन्स कुठला आणि कोल्ट्रेन कुठला, कळतच नाही.

सुरुवातीला सगळ्यांचंच होतं. २४ मे १९५६ ची ही रचना, दोघांचं एकत्र झालेलं एकमेव ध्वनिमुद्रण. धून संपल्यावर पहिला येतो तो कोल्ट्रेन: सूर टोकदार, घाईत, वरच्या सप्तकाकडे ओढ. मग रॉलिन्स: आवाज रुंद, चाल निवांत, मध्येच एखादा सूर धरून मस्करी. शेवटी दोघे आळीपाळीने चार-चार मात्राखंड घेतात तिथे पुन्हा चुकाल. पहिल्या ऐकण्यात मीही चुकलो होतो. हेडफोन लावून, पहिल्या दोन विस्तारांनंतर थांबून, पुन्हा पहिल्यापासून लावा.